पुसलेली सकाळ

आमच्याकडे माणसाला त्याच्या थोरल्या मुलाच्या नावाने ओळखतात. अमक्याचा बाप, तमक्याची आई. हिकमतला तीन मुली झाल्या, मुलगा काही झाला नाही, तेव्हा नाबलसच्या बाजाराने आपणहूनच त्याचं बारसं उरकलं आणि नाव ठेवलं अबू कॅमेरा, कॅमेऱ्याचा बाप. त्याची बायको नजवा म्हणायची, "नाव अगदी शोभतंय. पोरी तापाने फणफणल्या तरी ह्यांना पत्ता नसतो, आणि पाऊस आला की स्वतःचा कोट काढून त्या लोखंडाला घालतात." हिकमत नुसता हसायचा. बोलणं खोटं नव्हतं.

त्याचे वडील साबणाच्या कारखान्यात होते. ऑलिव्हच्या तेलाच्या वड्या वाळवायला त्यांचे माणसापेक्षा उंच पोकळ मनोरे रचायचे, हे त्यांचं जन्मभराचं काम. मुलानेही तेच करावं असं त्यांच्या मनात होतं. पण मुलाचं लक्ष वड्यांमधल्या फटींतून येणाऱ्या उजेडाकडे. एकदा तो उजेड डोकं घालून बघायच्या नादात त्याने अख्खा मनोरा पाडला. वडिलांनी त्याला मारलं नाही. दुसऱ्या दिवशी हाताला धरून घड्याळाच्या मनोऱ्यामागच्या फोटो स्टुडिओत नेलं आणि मालकाला म्हणाले, "ह्याला उजेड बघायचाय. तुमच्याकडे तो विकतात म्हणे."

तिथे हिकमत आधी ओळखपत्रांचे फोटो काढायला शिकला. मग चौऱ्याऐंशी साली मालकाने व्हिडिओ कॅमेरा आणला आणि हिकमतच्या खांद्यावर ठेवला. तीन वर्षं तो आसपासच्या गावांतल्या लग्नांचं शूटिंग करत फिरला. नवरदेवाची दाढी त्याचे मित्र करतात ते, नवरदेवाला खांद्यावर घेऊन मिरवतात ते, पुरुष हातात हात घालून रांगेने दबके नावाचा नाच करतात ते. बायकांच्या बाजूचं सगळं मालकाची बहीण घ्यायची आणि त्या कॅसेटला परका पुरुष हात लावत नसे. हिकमतला ही कामं मनापासून कंटाळवाणी वाटायची. सगळी लग्नं सारखी, सगळे मामा सारखेच नाचतात, असं तो म्हणायचा. त्याला खरं काम करायचं होतं. खरं काम म्हणजे काय, हे विचारलं असतं तर सांगता आलं नसतं.

मग सत्त्याऐंशीच्या शेवटी आमच्यावर ताबा ठेवून बसलेल्या परक्या लष्कराविरुद्ध उठाव सुरू झाला. शेजारच्या घरी सुतक असताना आपल्या दारी ढोल कसा वाजवणार? लग्नं मुकाट्याने लागू लागली, चार माणसांत, गाण्याशिवाय. स्टुडिओला टाळं लागलं. त्याच सुमारास परदेशी बातम्यांवाल्यांना नाबलसच्या बोळांची खडान्‌खडा माहिती असलेला माणूस हवा होता. हिकमतला मोठा कॅमेरा मिळाला आणि हातात खरं काम आलं.

त्या दिवसांत त्याने स्वतःला एक नियम घालून घेतला. कुणाच्या घरी गेलं, की पहिली कॉफी पिऊन कप खाली ठेवीपर्यंत कॅमेरा पिशवीतच राहील. सुतकाचं घर असो की पाडलेल्या घराचा ढिगारा, कुणीतरी कुठून तरी कॉफी आणतंच. हिकमत बसायचा, घोट घोट प्यायचा, कप खाली ठेवायचा, मग पिशवीची चेन उघडायचा. "कॉफीच्या आधी कॅमेरा काढला तर मी चोर, नंतर काढला तर पाहुणा," असं त्याचं म्हणणं. बरोबरीचे कॅमेरावाले टोमणे मारायचे, "अबू कॅमेराची कॉफी होईतो लढाई आटपून सैनिक घरी जाऊन झोपतात." त्याने मनावर घेतलं नाही. ह्या नियमामुळे त्याच्यापुढे लोक बोलायचे. इतरांपुढे ओरडायचे.

एकोणनव्वदच्या मार्चमध्ये तो दैर लोजला गेला. बदामाच्या झाडांत लपलेलं, डोंगराच्या पोटातलं गाव. त्या दिवशी सैनिक येणार अशी कुणकुण होती, म्हणून हिकमत उजाडायच्या आधीच निघाला होता. जवळ वीस वीस मिनिटांच्या दोन कॅसेट होत्या. एक वाटेतल्या तपासणी नाक्यावरच्या सैनिकाने काढून घेतली. दुसरी कोटाच्या अस्तरात होती, ती राहिली.

शाळेमागच्या भिंतीशी सात-आठ तरुण उन्हाला बसले होते. जवळच्या घरातल्या बाईने कॉफीचं भांडं आणून दिलं आणि ती आत गेली. हिकमतने कॉफी प्यायली, कप ठेवला, कॅमेरा काढला. त्यांच्यात लबीब नावाचा एक मुलगा होता, वीस वर्षांचा, फरशी बसवण्याचं काम करणारा, तोंडाने अखंड वटवट चालू असलेला. सैनिक काही येईनात. वेळ जाता जाईना. हिकमत कॅमेऱ्याशी चाळा करत राहिला. पोरांचे बूट, हात, भिंतीवरचं मांजर, थट्टामस्करी, असलं काहीबाही घेत अठरा मिनिटं टेप गेली. आणि मग टेकडीवरून शिट्टी आली. जीपगाड्या निघाल्या होत्या.

कॅसेटवर दोन मिनिटं शिल्लक. हिकमतने क्षणाचाही विचार केला नाही. त्याने टेप सुरुवातीपर्यंत मागे गुंडाळली.

लबीबने तो आवाज ऐकला. "काय हिकमतभाऊ, पुसताय काय आम्हाला?"

"आता खरं काम सुरू होतंय," हिकमत म्हणाला.

तासाभराने त्या कॅसेटवर, त्या सकाळच्या जागी, दुसरंच काही होतं. त्यातले चाळीस सेकंद जगभर दाखवले गेले. रस्त्यात पडलेल्या मित्राला ओढून आणायला मोकळ्या हातांनी निघालेला लबीब, आणि मग पडलेला लबीब. कॅमेरा जराही हलला नव्हता. ज्याने त्याने त्याची वाहवा केली.

संध्याकाळी हिकमतला दुसऱ्या गावी धाडलं आणि दैर लोजच्या सुतकाला जायचं राहून गेलं. निदान तो असं सांगायचा. खरं म्हणजे तीन दिवस सुतकाचा मांडव होता, आणि पाच मैल काही लांब नसतात. आपल्या कॅमेऱ्यासमोर गेलेल्या प्रत्येकाच्या घरची सुतकाची कडू कॉफी तो प्यायला होता. ह्या एका घरची प्यायला नाही.

त्या चाळीस सेकंदांनी त्याला नाव दिलं. पुढची अठरा वर्षं एका दमात सांगता येतात, कारण तो स्वतःही ती तशीच सांगायचा. दोनदा अटक झाली. रबराच्या गोळीने डाव्या हाताचं कोपर कायमचं वाकडं झालं, तर त्याने कॅमेरा उजव्या खांद्यावर घेऊन नव्याने चालायला शिकून घेतलं. हळूहळू बातम्यांकडून तो सिनेमाकडे वळला. दोन हजार दोनच्या संचारबंदीत बावीस दिवस त्याने स्वयंपाकघराच्या पडद्याआडून समोरच्या एकाच खिडकीचं शूटिंग केलं. त्यावर एका दिग्दर्शिकेने पूर्ण लांबीचा सिनेमा उभा केला आणि पडद्यावर छायाचित्रणाखाली एकट्या हिकमतचं नाव आलं. सिनेमा ज्या ज्या देशांत गाजला तिथे जायचा परवाना त्याला मिळाला नाही. बक्षीस कुणाच्या तरी सामानातून आलं. जड पितळी वस्तू होती. नजवाने ती न्हाणीघराचं दार वाऱ्याने आपटू नये म्हणून लावून ठेवली.

दोन हजार सातच्या एप्रिलमध्ये ती त्याच्या दारात आली. अंगात कशिद्याचा जुना झगा, हातात काठी, एका डोळ्यावर पांढरा पडदा धरलेला. दोन नाके ओलांडून, तीन गाड्या बदलून एकटीच आली होती.

"मी लबीबची आई," ती म्हणाली.

हिकमतने तिला ताबडतोब ओळखलं, म्हणजे भीतीने ओळखलं. ज्या स्त्रीला अख्खं गाव अठरा वर्षं तिच्या मेलेल्या मुलाच्या नावाने हाक मारत होतं, उम्म लबीब, ती आता त्याच्या बैठकीत बसली होती. नजवाने वेलदोडा घातलेली कॉफी आणली. उम्म लबीबने कप घेतला, पुढ्यातल्या तिपाईवर ठेवला आणि हात मांडीवर जुळवले.

आता ही रीत आमच्याकडे शेंबडं पोरही जाणतं. मागणं घेऊन आलेला पाहुणा कॉफी ओठाला लावत नाही. मुलगी मागायला आलेले असोत नाहीतर खुनाचा समेट करायला आलेले पंच असोत, मागणं मान्य होईपर्यंत कप तसाच राहतो. भरला कप ठेवून पाहुणा उठला तर त्या घराची अब्रू गेली. म्हणून यजमान म्हणतो, कॉफी घ्या, ज्यासाठी आलात ते तुमचं झालं. फक्त शहाणा यजमान आधी विचारून घेतो की बाबांनो, हवंय काय.

हिकमतने विचारलं नाही. अठरा वर्षांची ती न प्यायलेली कॉफी त्याच्या मानगुटीवर बसली होती. मागून मागून ही काय मागेल? ते चाळीस सेकंद पुन्हा दाखवू नका म्हणेल, म्हणू दे.

"मावशी, कॉफी घ्या," तो म्हणाला. "ज्यासाठी आलात ते तुमचं झालं."

दारात उभ्या नजवाने कपाळावर हात मारला.

उम्म लबीबने सावकाश, शेवटपर्यंत कॉफी प्यायली आणि मग बोलायला लागली. "पोरा, तू घेतलेलं ते मरण मी कधी बघितलं नाही. लोकांच्या टीव्हीवर लागलं की मी डोळे मिटून घ्यायची. पण परवा शाळेमागची बाई मला म्हणाली, तो कॅमेरावाला सकाळपासून पोरांचं शूटिंग करत होता, मीच कॉफी दिली त्यांना. तेव्हा मला कळलं की माझा मुलगा जिवंत असलेलंही तुझ्याकडे काहीतरी आहे."

हिकमतने हातातला कप तिपाईवर ठेवला.

"त्या सकाळी आमचं वाजलं होतं. त्याने जाऊ नये म्हणून मी त्याचे बूट लपवून ठेवले. तर बापाचे जुने, दोन बोटं मोठे बूट घातले आणि दार आपटून गेला. ते दार अजून माझ्या कानात आहे. मोठे बूट होते, पळता आलं नसेल त्याला. बरोबरच्या पोरांना मी विचारलं. सगळे एकच सांगतात. मावशी, तो शांत होता, मावशी, तो हसत होता, हुतात्म्याला शोभेल असा. भिंतीवरच्या पोस्टरबद्दल बोलावं तसं बोलतात. पोस्टरवरचा मला पाठ आहे. मला माझा बघायचाय. माझ्यावरचा राग उतरला होता का, तेवढं मला त्याच्या तोंडावर दिसेल. आईला दिसतं. पण लवकर दे. हा डोळा गेलाय आणि दुसऱ्याला डॉक्टरने थंडीपर्यंतची मुदत दिलीय."

खरं सांगायचं तर हीच वेळ होती. बूट तर त्याने जवळून घेतले होते, अजून डोळ्यांपुढे होते. तेव्हाच तोंड उघडायचं, चूक कबूल करायची, जे आठवतं ते सांगायचं. पण हिकमत चित्रांवर जगलेला माणूस. शब्दांवर त्याचा विश्वास नव्हता. शब्द कुणीही कसेही फिरवतो, असं तो जन्मभर म्हणत आला. आणि त्यातून शब्द देऊन बसलेला.

"आणून देतो, मावशी," तो म्हणाला.

ती गेल्यावर नजवाने कप उचलले. "आहे का ती कॅसेट?"

"नाही. मीच पुसलीय."

"मग काय देणार होतात तुम्ही? बक्षीस? घ्या, दाराला लावलंय ते."

दगडाखाली हात सापडला होता. पाचव्या दिवशी आंघोळ करताना त्याला लख्ख आठवलं की दैर लोजमध्ये त्याने लग्नांचं शूटिंग केलं होतं. पाच, कदाचित सहा. आणि आमच्याकडे लग्न म्हणजे अख्खा गाव अंगणात. लबीब तिथे कुठेतरी असणारच. मागे, कोपऱ्यात, पण असणार.

मग सुरू झालं घरोघर हिंडणं. ज्या लग्नांना त्याने नाकं मुरडली होती, त्यांच्याच कॅसेट तो आता दारोदार मागत होता. काही जोडपी दैर लोजमध्ये होती, काही रामल्लाला, एक जेनिनला. नाके कधी उघडे, कधी बंद. अर्ध्या तासाच्या गावाला जाऊन यायला दिवस मोडायचा. लोक खवचटपणे विचारायचे, "काय अबू कॅमेरा, वीस वर्षांनी वरातीमागून घोडं?" एका घरच्या कॅसेटला बुरशी लागली होती. एकीच्या टेपमधून पोरांनी पतंगाची शेपटी केली होती. एका घरात तर नवरीच्या मेंदीचं, बायकांच्या नाचाचं शूटिंग त्याच कॅसेटवर पुढे जोडलेलं. तेव्हाची नवरी आता चाळिशीची झाली होती. तिने हिकमतला भिंतीकडे तोंड करून बसवलं, टीव्हीपुढे स्वतः मांड ठोकली आणि टेप पळवत राहिली. "वळू नका हं. अजून आम्हीच आहोत. अजून आम्हीच. हां, आता तुमचे पुरुष आले, वळा." देशोदेशीच्या लोकांनी नावाजलेला छायाचित्रकार चुना उडालेल्या भिंतीकडे बघत दीड तास शहाण्या मुलासारखा बसून होता.

आणि लबीब सापडत गेला. पंच्याऐंशीच्या लग्नात सोळा वर्षांचा, दबक्याच्या रांगेत अगदी शेवटचा, ठेका चुकणारा. शहाऐंशीत भातामांसाची परात डोक्यावर घेऊन गर्दीतून वाट काढणारा. पुढच्या एका लग्नात तो मुद्दाम कॅमेऱ्यासमोर येऊन तोंड वेडंवाकडं करतो, पुन्हा करतो, आणि तिसऱ्या वेळी कॅमेरा वैतागून दुसरीकडे वळतो. वळवणारा हात हिकमतचाच. तो तुकडा त्याने कितीदा बघितला कुणास ठाऊक. प्रत्येक वेळी त्याला वाटायचं, जरा थांबला असता तर.

एप्रिलचा ऑक्टोबर झाला. सगळं मिळून हाती लागलं चार मिनिटं दहा सेकंद. काखेत कळसा नि गावाला वळसा म्हणतात, ते त्याला अजून कळायचं होतं.

ऑलिव्ह उतरवायच्या दिवसांत तो दैर लोजला गेला. बदामाची झाडं उघडी पडत चालली होती. सगळा गाव रानात होता. उम्म लबीब अंगणात सतरंजीवर बसून ढिगातली पानं हाताने चाचपून वेगळी करत होती. तिने मान वर केली, पण त्याच्या दिशेने नाही.

"कोण?"

"मी हिकमत, मावशी."

"उशीर केलास," ती म्हणाली. तक्रारीच्या सुरात नाही, सांगायचं म्हणून. "महिना झाला. आता नुसता उजेड कळतो, खिडकी कुठे आहे एवढा. लाव तरी. मी बसते समोर."

आत जाऊन त्याने टीव्हीला मशीन जोडलं. खोलीत लग्नाचा ढोल घुमला, वीस वर्षांपूर्वीचा. उम्म लबीब पडद्याच्या एका हातावर जाऊन बसली आणि तिने डोळे ताणले. त्या बाईचा तो चेहरा बघवेना, तेव्हा हिकमत न ठरवता बोलायला लागला. "रांगेत शेवटी आहे, मावशी. पांढरा सदरा. बाही दुमडलीय, एकच. ठेका चुकला. शेजारच्याने कोपर मारलं त्याला. हसतोय. आता जीभ बाहेर काढून पावलं मोजतोय."

"मोजायचाच तो," उम्म लबीब म्हणाली. "एक दोन तीन, मोठ्याने. बाप चिडायचा."

चार मिनिटं दहा सेकंद संपले. तिने ते तीनदा लावायला सांगितलं आणि तीनदा त्याला बोलायला लावलं. मग म्हणाली, "हे लग्नातलं झालं. देव तुझं भलं करो. आता ती सकाळ लाव."

हिकमतने मशीन बंद केलं. तिला वाटलं तो दमला. ती चाचपडत उठली, भिंत धरून आत गेली, चुलीवर स्वतः कॉफी केली आणि न सांडता त्याच्या हातात कप आणून दिला. हिकमतने तो घेतला आणि समोर जमिनीवर ठेवला.

उम्म लबीब ऐकत होती. आंधळ्या माणसाला घोटाचा आवाज बरोबर कळतो. घोट ऐकू आला नाही.

"काय हवंय तुला?" तिने विचारलं. "मी आधी विचारून घेते. तुझ्यासारखा आंधळा शब्द देत नाही."

"माफी हवीय," हिकमत म्हणाला. "ती सकाळ नाही, मावशी. होती. अठरा मिनिटं होती. जीप आल्या तेव्हा जागा उरली नव्हती, म्हणून मी टेप मागे घेतली आणि तिच्यावरच ते दुसरं घेतलं. लबीबने विचारलं मला, पुसताय काय आम्हाला. मी म्हटलं, आता खरं काम सुरू होतंय. तुम्ही माझ्या घरी आलात तेव्हाही मला ठाऊक होतं. तरी शब्द दिला."

बाहेर कुणीतरी गाढवाला हाकत गेलं. शेवटी ती म्हणाली, "म्हणजे तोही गेला. दोनदा गेला माझा मुलगा." आणि मग, "पण तू बघितलंस ना? एक डोळा मिटून, दुसऱ्याने. एवढं निरखून तर त्या पोरांनी नसेल बघितलं."

"बघितलं."

"मग सांग. आत्ता सांगितलंस तसं. तो शांत होता, हसत होता, असलं सांगणार असशील तर उठ आणि जा."

हिकमतने डोळे मिटले. आणि त्याला कळलं की टेपवरून पुसलेलं सगळं इथे आहे, क्रमाने, एकही चित्र न गाळता.

"पहिल्यांदा बूट," तो म्हणाला. "काळे, टाचेला झिजलेले, डाव्याची नाडी नाही, सुतळी आहे. खूप मोठे. तो ते काढतो आणि वर्तमानपत्राचे बोळे करून पुढे कोंबतो. उभा राहून उडी मारतो, मला दाखवायला. एकदा, दोनदा. घट्ट बसलेत, म्हणतो, ह्यांच्यावर पार समुद्रावरच्या हैफापर्यंत पळेन. बाकीचे हसतात. एकजण विचारतो, तुझे कुठे गेले? तो म्हणतो, आईने लपवलेत. पिठाच्या डब्यामागे. दरवेळी तिथेच लपवते. मला माहीत होतं, पण काढले असते तर तिला वाटलं असतं आपली जागा कळली."

उम्म लबीबचा हात जमिनीवर होता. तो तिथेच राहिला. ती जागा तिच्याशिवाय जगात कुणाला ठाऊक नव्हती, नवऱ्यालाही नव्हती. अठरा वर्षं तिने ती कुणाला सांगितली नव्हती.

"पुढे," ती म्हणाली.

"पुढे हात. जवळून. नखांत सिमेंट. ते फोकस बघायला घेतलं होतं मी. अंडं सोलतोय. माझ्या डब्यात बायकोने दोन उकडलेली दिली होती, एक त्याला दिलं. म्हणाला, घरातून तसाच निघालोय, पोटात कावळे ओरडतायत."

"खाल्लं?" तिचा आवाज एकदम बारीक झाला. हिकमतला वाटलं होतं ती रागासाठी आली आहे, बुटांसाठी आली आहे. तिने आजवर कुणालाच न विचारलेलं हे होतं. "सगळं खाल्लं का?"

हिकमतला हो म्हणायचा मोह झाला. आईला बरं वाटलं असतं. पण त्याने जे दिसत होतं तेच सांगितलं.

"नाही. पांढरं खाल्लं, मीठ लावून. पिवळं काढून भिंतीवर ठेवलं. मांजराने खाल्लं."

उम्म लबीबने तोंडावर ओढणी घेतली. खांदे हलत राहिले, आवाज आला नाही. मग तिने ओढणीनेच डोळे पुसले, ज्यांचा आता दुसरा काही उपयोग राहिला नव्हता.

"लहानपणापासून," ती म्हणाली. "पिवळ्याला कधी तोंड लावलं नाही त्याने." आणि जरा वेळाने, "पी तुझी कॉफी."

कॉफी पार गार झाली होती. हिकमतने ती शेवटच्या थेंबापर्यंत प्यायली. उम्म लबीब कान देऊन बसली होती. कप जमिनीवर टेकल्याचा आवाज आला तशी ती भिंतीला पाठ टेकून नीट बसली आणि पाय पोटाशी घेतले.

"ठेवलास ना कप खाली?" ती म्हणाली. "मग कर आता सुरू. पहिल्यापासून. बुटांपासून."